कुत्रा कापला, पिल्लं जोडली

दिनूभाऊंसोबत टीव्हीवर जंगलाचा कार्यक्रम पाहणं ही शिक्षाच होती. वाघ झेपावलेला असे, आमची पोरं श्वास रोखून बसलेली असत, आणि हे मागून म्हणत, "उडी मारली तो वाघ येगळा, खाली आला तो येगळा. पट्टे पाहा न." पोरं चिडायची. वहिनी म्हणायच्या, "लोकांच्या लग्नाच्या व्हिडिओतबी हे असेच चुका काढतेत."

सुरुवात त्यांनी लग्नांपासूनच केली होती. आंजीच्या बाजारात वडिलांचं कापडाचं दुकान होतं. गादीवर बसायचं सोडून हा माणूस कॅमेरा घेऊन आधी मांडवात शिरला आणि मग रानात. पुढे उभं आयुष्य त्यांनी वाहिन्यांसाठी जनावरं टिपली. मी त्यांच्याबरोबर माइक धरून बसायचो. नव्या जागी गेलो की पहिले काही दिवस ते कॅमेरा पिशवीतून काढतच नसत. गवतात नुसतं रिकामं कापडी खोपटं उभं करून ठेवायचे. मी घाई केली की म्हणत, "कोनाच्या घरी गेल्यागेल्या कोनी सैपाकघरात शिरते काय? पहिले त्याले आपली सवय होऊ दे." माणूस तऱ्हेवाईक होता. मला वासाचा साबण लावू देत नसे, आणि चांगलं काम केलं तर 'ठीक' याच्यापुढे शब्द नसे.

त्यांचा जीव अडकला तो तणमोरात. कोंबडीएवढा हा पक्षी पावसाळ्यात गवताळ माळावर घरटं करतो. नर दिवसभर गवतातून वर उसळ्या घेतो, मादीनं पाहावं म्हणून. आमच्याकडे असं गवत उरलं होतं ते एका नामदेवकाकांच्या पडीत तुकड्यात, आणि त्यांना तिथे तूर पेरायची होती.

दिनूभाऊ त्यांच्या ओसरीवर जाऊन बसले. काका म्हणाले, "बैल होते तवा गवत लागे. आता कोनासाठी ठेवू?"

"पिल्लं निघेपर्यंत ठेवा, काका."

काकांनी बराच विचार केला. "बरं. पिल्लं निघेपर्यंत ट्रॅक्टर घालत नाई. पन निघाले का मले सांगजो."

काकांनी शब्द पाळला. दुसऱ्यांच्या बकऱ्यासुद्धा हाकलल्या. पण एका सकाळी गावातल्या मोकाट कुत्र्यानं अंडी खाल्ली. दिनूभाऊंनी तेही टिपलं. कुत्रा, फुटकी टरफलं, रिकाम्या घरट्याभोवती फिरणारी मादी. मला म्हणाले, "हेच आपलं पिक्चर. याच्यापुढं काई नाई." काकांना त्यांनी स्वतः जाऊन सांगितलं. काका म्हणाले, "मंग पुढच्या वर्षी. पिल्लं निघेपर्यंत म्हटलं न मी?" असा माणूस.

उन्हाळ्यात वाहिनीवर तो कार्यक्रम लागला. दिनूभाऊंनी हौसेनं ग्रामपंचायतीच्या हॉलमध्ये पडदा लावला आणि काकांना पुढची खुर्ची दिली. उसळ्या मारणारा नर आला, अंडी आली. मग गोड आवाजातला निवेदक म्हणाला की अखेर आईच्या कष्टाला फळ आलं, आणि पडद्यावर तणमोराची पिल्लं तुरुतुरु चालायला लागली. कुठल्या तरी दुसऱ्या माळावरची, दुसऱ्याच कोणी काढलेली. गावानं टाळ्या वाजवल्या. दिनूभाऊ भिंतीला टेकून उभे होते.

काका उठून त्यांच्यापाशी आले. "पिल्लं तं निघाली. मले काऊन नाई सांगितलं? जमीन पडीत राहावी म्हनून?"

"काका, ते पिल्लं इथले नाईत. मुंबईत जोडले. आपले अंडे कुत्र्यानं खाल्ले, म्या सांगितलं होतं न तुमाले."

"कुत्रा तं पिक्चरमधी दिसलाच नाई."

पावसाआधी तिथे ट्रॅक्टर फिरला, आणि शब्दाच्या हिशेबानं काकांचं काहीच चुकलं नव्हतं. दिनूभाऊंनी वाहिनीला फोन केला, तर पलीकडची मुलगी नम्रपणे म्हणाली की प्रेक्षकांना आशा हवी असते. मला त्या वाक्याचा अजून संताप येतो. पावसाळ्यात मादी आली, दोन दिवस तुरीच्या बांधावर फिरली आणि गेली. आम्ही दोघं रस्त्यावरून पाहत होतो. दिनूभाऊ म्हणाले, "तिले काय सांगू मी?" त्यानंतर ते परत लग्नं टिपायला लागले. रानाचं काम आलं तरी नको म्हणत.

गेल्या वर्षी ते हृदयविकारानं गेले. गावानं त्याच हॉलमध्ये शोकसभा ठेवली. श्रद्धांजली म्हणून वाहिनीनं त्यांच्या कामातला निवडक भाग पाठवला होता. त्यात पिल्लं होती, आणि खाली दिनूभाऊंचं नाव. वहिनी पदरानं डोळे पुसत पाहत होत्या. नामदेवकाका माझ्या शेजारी उभे होते, त्यांचेही डोळे भरलेले.

"लय चांगला मानूस होता," ते म्हणाले. "माह्याशी एकदाच खोटं बोलला."

मी सगळं पुन्हा समजावायला तोंड उघडलं. काकांनी माझा हात धरला, मला गप्प केलं आणि समोर पडद्यावरच्या पिल्लांकडे बोट दाखवलं.