हनीसकलचं कलम

आधी चहा ओता, गार होईल. मग सांगतो, माणूस किती गाढव असू शकतो ते. दुसऱ्या कोणाचं नाही, माझंच सांगतोय.

पन्नास सालानंतरची गोष्ट. अंधेरीला ख्रिस्ती लोकांच्या गावठाणाला लागून आम्ही भाड्याने राहत होतो. पुढे हातभर अंगण. कुसुमचं पहिलं बाळंतपण झालं आणि बाळ गेलेलंच जन्मलं. ती इस्पितळात बेशुद्ध. तिला दाखवलंही नाही. स्मशानातलं सगळं मीच उरकून आलो.

घरी आल्यावर ती भिंतीकडे तोंड करून पडून राहायची. आणि मी? मी बागेत! दुसरं काय करणार होतो, सांगा ना?

खांबावर हनीसकलची वेल होती. फुलं पहिल्या दिवशी पांढरी, दुसऱ्या दिवशी पिवळी, आणि वास असा की रस्त्यावरचा माणूस थांबावा. म्हटलं, हिची रोपं करू, कुंपणभर लावू. एक लांब फांदी वाकवली, खालून साल खरवडली, कुंपणापाशी मातीत दाबली. वर छान उंचवटा केला, भोवती पांढरे दगड. समोरच्या आग्नेसबाईंच्या कोंबड्या उकरतील म्हणून दोन काटक्या उभ्या-आडव्या बांधून रोवल्या. रोज संध्याकाळी झारीने पाणी घालायचो.

काही दिवसांनी बघतो तर रस्त्याने जाणारे तिथे थबकायला लागले. कोणी टोपी काढतोय, कोणी हळू आवाजात बोलतोय. मला वाटलं, काय वट आहे रे आपल्या बागेची! एकदा तिथे जळकी मेणबत्ती दिसली. म्हटलं, किडे पळवायचा गावठी उपाय असेल! आता बोला!

मग एका संध्याकाळी आग्नेसबाई आल्या. कुंपणाला धरून उभ्या.

"भाऊ, बाय कशी हाय?"

"आहे तशीच. पडून असते."

त्यांनी उंचवट्याकडे बघितलं. "हितंच ठेवलंत, बरं केलंत. डोल्यासमोर रातं."

"हो ना! लक्ष ठेवता येतं. पावसाळा संपला की उकरून बघणार."

"उकरणार?"

"मग? जीव धरला असेल तर आईपासून तोडायचं आणि दुसरीकडे लावायचं!"

"येशू!" बाई किंचाळल्याच. "ती आत रडतेय नि तुमी असं बोलता? तुमचंच लेकरू ना ते?"

"कसलं लेकरू? अहो, फांदी आहे!"

मी वेल उचलून दाखवली. बाईंचा चेहरा असा झाला की मला हसू फुटलं. हसायला नको होतं, कळतं हो मला. पण इतक्या दिवसांत पहिल्यांदा काहीतरी हसण्यासारखं घडलं होतं. धावत आत गेलो.

"कुसुम, ऐकलंस का? सगळ्या गल्लीला वाटतंय आपण बाळाला अंगणात पुरलंय!"

ती उठून बसली. हसली नाही.

"मग खरं कुठे ठेवलंत?" तिने विचारलं. "मला तर कोणी सांगितलंच नाही."

मला वाटत होतं, विषय न काढणं म्हणजे तिला जपणं.

दुसऱ्या दिवशी तिला घेऊन स्मशानात गेलो. लहान मुलांचा कोपरा होता. तिथे उभा राहून बघतो तर सगळीकडे गवत! मला जागा सापडेना. इकडे की तिकडे? तिने काही वेळ वाट पाहिली, मग माझा हात धरला. "असू दे," म्हणाली. "चला घरी."

घरी आल्यावर अंगणात बसलो दोघं. तेव्हा ती पहिल्यांदा मोकळेपणाने बोलली. मुलगा होता की मुलगी, केस होते का, सगळं विचारलं. मी सांगत गेलो.

आजही कोणी विचारतं, हनीसकलचं कलम कसं करायचं? मी सांगतो: फांदी वाकवा, साल खरवडा, मातीत दाबा, पाणी घाला. आणि हे सगळं करण्याआधी, शहाणे असाल तर, आत जाऊन बायकोशी दोन शब्द बोला.