माळावरच्या दुर्वा

दोन मैल झाले होते, ओढ्यावरचा लाकडी पूल मागे पडला होता, तरी शोभनाकाकूंचं बोलणं संपत नव्हतं. येत्या बुधवारी त्यांच्या गुडघ्याचं ऑपरेशन होतं, म्हणून नीलाने हा शनिवारचा वॉक कॅन्सल धरला होता. पण सकाळी सातला काकू काठी टेकत दारात हजर.

"अहो काकू, गुडघा!"

"बुधवारी बदलणार आहे ना? तोवर जुनाच वापरायचा की. चल."

नीलाला टेक्सासातल्या प्लेनोत येऊन तीन वर्षं झाली होती. तिच्या लेखी हे गाव म्हणजे हायवे, ऑफिसांच्या काचा आणि एका साच्यातली मोठाली घरं. त्या सगळ्याखाली जमीन आहे, हे तिला काकूंनी दाखवलं. आज जिथे ती गाडी चालवत ऑफिसला जाते, त्या प्रेस्टन रोडच्या वाटेने दीडशे वर्षांपूर्वी हजारो गुरं पायी पायी उत्तरेला हाकत नेत, हेही काकूंनीच सांगितलं.

काकू अकोल्याच्या. लग्न होऊन अरुणकाकांबरोबर टेक्सासात आल्या, त्याला आता पंचेचाळीस वर्षं होऊन गेली. बी.एस्सी.ची डिग्री होती, इंग्रजी मात्र अडखळत. घरांचे पाये घालण्याआधी माती तपासणाऱ्या एका छोट्या लॅबमध्ये मुलाखतीला गेल्या. साहेबाने टेबलावर मातीचं ढेकूळ ठेवलं.

"मी ते नुसतं बोटांत चुरलं, आणि बाई, डोळ्यांत पाणीच आलं. आमच्या अकोल्याचीच काळी माती! मी साहेबाला म्हटलं, ही पावसात फुगणार आणि उन्हात फाटणार. भेगेत हात जाईल. तो म्हणे, टेक्सासात किती वर्षं आहात? म्हटलं, तीन आठवडे."

नोकरी लागली, ती सव्वीस वर्षं टिकली.

ह्या मातीपायीच इकडे उन्हाळ्यात घराच्या पायाला पाइप लावून पाणी पाजतात. पहिल्या वर्षी ते बघून नीलाने शेजाऱ्यांना वेड्यात काढलं होतं. मग काकूंनी तिच्याच हॉलच्या भिंतीतली चीर दाखवली, आणि दुसऱ्या दिवशी नीलाचा नवरा राजेश मुकाट्याने पाइप घेऊन आला.

वाट संपली तिथे तारेचं कुंपण होतं. पलीकडे मिस लोरेटाचा माळ. इकडे मोठ्या वयाच्या बाईला नावाआधी 'मिस' लावतात, लग्न झालेलं असो नसो. आपण काकू म्हणतो तसंच. मिस लोरेटा पंच्याऐंशीच्या. त्यांच्या आजोबांच्या काळात सगळ्या मुलखात कापूस झाला, माळ नांगराखाली गेले. आजोबांनी एवढे चार एकर घोड्यांच्या गवतासाठी राखले. त्या तुकड्याला आजवर नांगराचा फाळ लागलेला नाही. छातीएवढं गवत, सप्टेंबरात तांबूस होऊ लागलेलं, आणि मुळं माणसाच्या उंचीहून खोल.

जुने माळ सांभाळणारी एक संस्था तो कायमचा ताब्यात घ्यायला तयार होती. नोव्हेंबरात त्यांची माणसं बघायला येणार होती. फक्त कुंपणाच्या कडेने एक बाहेरचं गवत शिरलं होतं आणि जुन्या गवताचा गळा आवळत होतं. ते निघालं नाही तर संस्था नाही म्हणणार. मग मिस लोरेटाचे पुतणे माळ विकणार, आणि तिथे घरं होणार.

"ते बाहेरचं गवत कोणतं, माहितेय?" काकू कुंपणाला टेकल्या. "आपल्या दुर्वा."

"काय?"

"इकडे लॉनला लावतात ना, त्याच. आणि इथे आणल्या मी." काकूंनी काठीचं टोक मातीत रुतवलं. "आमचा दीड दिवसाचा गणपती. निर्माल्य कचऱ्याच्या डब्यात कसं टाकायचं, तूच सांग! इथे कुणाचा पाय पडत नाही. मिस लोरेटाला विचारलं, ती म्हणाली, फुलंच ना, ठेव. वीस वर्षं ठेवलं. फुलं कुजली. दुर्वांनी मात्र जीव धरला."

नीलाला हसू फुटलं, पण काकूंचा चेहरा बघून तिने ते गिळलं.

"हस, हस. सव्वीस वर्षं माती तपासली, आणि पेरापेराला मुळं फुटणारं गवत ओल्या काळ्या मातीत ठेवून वर नमस्कार करून येत होते!"

"मिस लोरेटांना सांगितलंत?"

"उन्हाळ्यात सांगितलं. ती बर्फ घातलेला गोड चहा ढवळत बसलेली. म्हणाली, 'हनी, माझ्या आजोबांनी चाऱ्यासाठी असंच एक गवत आणलं होतं. आईचा अर्धा जन्म ते उपटण्यात गेला. तू आणलंस, तूच काढ.' आणि वर पीच भरून भाजलेला 'पाय' बांधून दिला."

काकू तेव्हापासून रोज सकाळी खुरपं घेऊन बसत होत्या. पहिले दोन दिवस हात धजला नाही. देव रागावेल असं नव्हे, पण ज्याच्यासमोर हात जोडले, ते तण म्हणून कसं ओढून फेकायचं? मग त्या एकेक दुर्वा मोजून ठेवू लागल्या, एकवीस झाल्या की देवाचं नाव घेऊन दोऱ्याने जुडी बांधू लागल्या. घरच्या देवाला रोज ताज्या दुर्वा. त्या कामाला वेग आला तोच गुडघ्याने दगा दिला.

"ये, दाखवते." काकूंनी साफ केलेल्या पट्ट्यात काठीने माती सारली. भेगेच्या कडेला हिरवट-निळं एक नवं पातं वर आलं होतं. दुर्वांचं नव्हे, माळाचं. "मी काही पेरलं नाही हं. खाली मुळं होतीच. जागा झाली, आलं वर."

नीला वाकून बघत राहिली. तिचा हात आपसूक त्या पात्याला लागून कपाळाकडे गेला.

"अजून निम्मी कड राहिलीय," काकू म्हणाल्या. "गणपती नऊ दिवसांवर. मी सहा आठवडे खाली बसू शकणार नाही. तुमच्या मराठी मंडळाच्या गणपतीत दुर्वांचं काय करता?"

"कसलं काय! सगळ्यांच्या लॉनवर औषध मारलेलं. राजेश म्हणत होता, ऑनलाइन मागवू."

"ऑनलाइन? गणपतीला पार्सलचं गवत?" काकू हसल्या. त्यांनी पाठीवरच्या पिशवीतून लाकडी मुठीचं खुरपं काढून नीलाच्या हातात दिलं. मूठ घासून गुळगुळीत झाली होती.

"मंडळाच्या सगळ्यांना इथे घेऊन ये, नीला. मिस लोरेटाला मी सांगून ठेवलंय. पण कात्री कुणाला आणू देऊ नकोस. मुळासकट काढायच्या, एक पेरही मागे राहता कामा नये. आणि विसर्जन झालं की निर्माल्य मातीत नाही, ड्राइव्हवेच्या सिमेंटवर पापडासारखं कडक वाळवायचं. एवढं करशील? आणि हे बघ, पहिली जुडी मला आणून दे. ह्या वर्षी बाप्पासमोर खुर्चीत बसेन, पण ती मला माझ्या हाताने वाहू दे."