कुंडीमावशीची पडीक जमीन

कुंडीमावशीने कर खात्याच्या साहेबाला तुरुंगात धाडलं आणि वर रोज त्याला घरचा डबा पाठवते, अशी गल्लीत बोलवा होती. इस्त्रीवाला तर डब्यात काय असतं तेही रंगवून सांगायचा. खरं एवढंच, की तुरुंगात कोणी गेलं नाही. डबा मात्र होता, पण वेगळाच.

मावशी रोपं विकते. रस्त्याकडेची चिंचोळी जागा नवरा गेल्यावर तिने एकटीने हिरवी केली. वाफ्यात शेवंती, फुटक्या बादल्यांत गुलाब, तेलाच्या रिकाम्या डब्यांत लिंबाची कलमं. कर खात्याच्या दप्तरात मात्र ती जागा 'पडीक'. पडीक जागेला कर जबर. तो झेपेना, तेव्हा जप्तीची नोटीस आली. मावशीला नोटिशीची धास्ती होतीच, पण लागला तो शब्द.

"उन्हातान्हात कंबर मोडते माझी, आणि म्हणे पडीक," ती भाचीला म्हणाली. "मलाच म्हटल्यासारखं वाटतं गं."

ती कोर्टात गेली आणि जिंकली. जागा बघा, नोंद दुरुस्त करा, कर नव्याने ठरवा, असा आदेश निघाला. पण हलेल ते खातं कसलं! मावशी खेपा घालायची आणि साहेब चष्म्यावरून बघत नाकातून म्हणायचे, "प्रक्रियेत आहे."

सोबत जाणारी भाची घरी आल्यावर हे हुबेहूब करून दाखवायची. आधी घसा खाकरायचा, मग 'प्र'वर जरा रेंगाळायचं. मावशी हसता हसता मटकन खाली बसायची. जप्तीची दुसरी नोटीस फाटकावर चिकटली, तेव्हा मात्र तिचं हसू आटलं.

"आता अवमानाचा अर्ज करू," वकीलबाई म्हणाल्या. "कोर्टाचा अवमान झालाय."

"पडीक म्हटलं मला, आणि अवमान कोर्टाचा?"

"तुमचा झाला तर कोण विचारतंय, मावशी? कोर्टाचा झाला की साहेब धावत येतात."

आले धावत. आदेश का पाळला नाही, असं जजसाहेबांनी विचारलं. साहेबांनी घसा खाकरला. भाचीने ओढणीचा बोळा तोंडात कोंबला.

"प्र... प्रक्रियेत आहे."

"आणि तुम्ही कशात आहात, कळतंय का? कैद होऊ शकते."

साहेबांनी चष्मा काढून पुसला आणि घाईत उलटा घातला. मावशीला तेवढंच दिसत राहिलं. वकीलबाई तिला आवरत असतानाही ती उठली. "आत नका टाकू त्यांना. एकदा जागेवर पाठवा. त्यांनी ती बघितलीच नाहीये."

दुपारी स्वतः जा, संध्याकाळच्या आत दुरुस्त नोंद इथे आणा, नाहीतर मी आहेच, असं जजसाहेबांनी बजावलं.

बाहेर येताच भाची फणकारली. "कशाला दया दाखवलीस? तो जागेवर येऊनसुद्धा 'प्रक्रियेत आहे' म्हणेल आणि जाईल. लाव पैज."

"लावली. हरलीस तर सुट्टीभर पाणी तू घालायचं."

साहेब एकटेच आले, बगलेत फाइल. फाटकातून आत टाकलेलं पहिलंच पाऊल शेवंतीच्या वाफ्यात.

"सांभाळून साहेब," मावशी हळूच म्हणाली, "पडीकात पाय पडला."

साहेब कानापर्यंत लाल झाले. तसेच खाली बसले, लवलेलं रोप दोन बोटांनी सरळ केलं, बुडाशी माती चेपली. मग विचारलं, "जगेल का हो हे?"

"प्रक्रियेत आहे," मावशी म्हणाली.

साहेब आधी दचकले, मग हसले. गुडघ्यावर फाइल उघडून त्यांनी 'पडीक' खोडलं, 'रोपवाटिका' लिहिलं आणि सही ठोकली. निघताना मावशीने ते रोप मातीसकट उचलून तेलाच्या डब्यात लावलं आणि डबा त्यांच्या हातात दिला. इस्त्रीवाल्याने बघितला तो हाच.

"मी जिंकले," भाची म्हणाली. "वाक्य झालं की जागेवर!"

"तो म्हणेल असं म्हणाली होतीस ना?" मावशीने झारी तिच्यापुढे धरली. "लिंबांपासून सुरू कर."