कूलरमागचं विद्यापीठ

जळगावच्या उन्हाळ्यात दुपारी माणसं झोपतात असं म्हणतात. आम्ही दोघी बहिणी तरी कधी झोपलो नाही. जेवणं झाली की आई खिडक्यांना ओल्या चादरी लावायची, कूलर सुरू करायची आणि पाच मिनिटांत घोरायला लागायची. मग अक्का, माझी मोठी बहीण, माझ्या कानाशी येऊन म्हणायची, "चल, भरलं." विद्यापीठ भरलेलं असायचं.

ते आवाजांचं विद्यापीठ होतं. पिंप्राळ्यातल्या आमच्या दोन खोल्यांच्या घरात कूलर घरघरू लागला की त्या घरघरीतून एक रस्ता निघायचा आणि सातपुड्याच्या निळ्या रेघेपलीकडे जायचा. तिथल्या इमारतीला भिंती नव्हत्या. कुणीतरी सतत एक सूर धरून बसलेलं असायचं, आणि त्या सुरावर छप्पर टेकलेलं. प्रत्येक पायरी वेगळी वाजायची, म्हणून उशिरा येणारे लगेच पकडले जायचे. एका वर्गात केळीच्या पानांची सळसळ शिकवायचे: कोवळ्या पानाची, वाऱ्याने फाटलेल्या पानाची, बागेत पाणी सोडल्यानंतरची. वाफेचा विषय एका म्हाताऱ्या कुकरकडे होता आणि तो तीन शिट्ट्यांच्या वर तास घ्यायचा नाही. ग्रंथालयात पुस्तकं नव्हती, बरण्या होत्या. लोणच्याच्या असतात तशा, तोंडाला पांढऱ्या फडक्याचा दादरा बांधलेल्या. प्रत्येक बरणीत एकेक आवाज. आजही डोळे मिटले की त्या बरण्यांची गार चिनी माती माझ्या तळहाताला लागते.

अक्का अर्थातच कुलगुरू. माझं अक्षर चांगलं म्हणून मी कुलसचिव. प्रवेशाचा नियम एकच होता, आपल्या आवडीचा एक आवाज दारात ठेवायचा. तो बरणीत जायचा आणि बाहेर पुन्हा कधी ऐकू यायचा नाही. मी लबाडी करून शाळा भरल्याच्या घंटेचा आवाज ठेवला. अक्काने आईच्या बांगड्यांचा ठेवला, पाट्यावर चटणी वाटतानाचा. आणि त्यानंतर आई वाटायला बसली की ती प्रामाणिकपणे कानांत बोटं घालायची. मला तिचा त्यासाठीसुद्धा राग यायचा.

मी आठ वर्षांची असताना तिने मला सळसळीच्या परीक्षेत नापास केलं, तेही गल्लीतल्या सगळ्या मुलींसमोर. मी तणतणत प्रवेशअर्जांची वही काढली. तिच्या अर्जात 'दारात ठेवलेला आवाज' या रकान्यातल्या बांगड्यांवर काट मारली आणि लिहिलं, 'बठ्ठा'. आमच्या आईच्या बोलीत बठ्ठा म्हणजे सगळेच. खाली बाटलीच्या बुचाने जांभळ्या शाईचा शिक्का मारला. शिक्का बसल्यावर बदल नाही, हा नियमही माझाच. वही ट्रंकेत गेली आणि मी गप्प बसले.

आता मी एका कॉलेजात प्रवेशाचे अर्जच तपासते, आणि खाडाखोड दिसली की माझं टाळकं सरकतं. अक्काला धुळ्याकडच्या एका खेड्यात दिली, तिथे तिची बोली आईपेक्षाही गडद झाली. दर आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, ती माहेरी येते. गल्लीतल्या निंबाला झोका बांधतात आणि माहेरवाशिणी आळीपाळीने बसतात. झोक्यावरची बाई गाण्याची एक ओळ म्हणते, खालच्या बायका ती उचलतात, त्यांची संपली की झोक्यावरची पुढची घेते. अक्का बसली की बाकीच्या बायका हातातलं काम टाकून येतात.

यंदा ती आली आणि झोक्याकडे फिरकलीच नाही. सांजोऱ्या तळत बसली. बायकांनी ओढून नेली तेव्हा तिने पहिली ओळ म्हटली, आणि बायकांची संपायच्या आत दुसरी घेतली. सगळ्या हसल्या. तिने पुन्हा सुरुवात केली, पुन्हा तेच झालं. मग चक्कर येतेय म्हणत ती उतरली. अक्काला जन्मात कधी चक्कर आलेली नाही.

दुपारी आम्ही दोघी कूलरसमोर पडलो होतो. तिने छताकडे बघत सांगितलं की हिवाळ्यापासून तिचे कान जाताहेत. आधी उजवा, आता डावाही. मशीन लावलं तर थोडं कळेल, पण गेलेलं परत येणार नाही, असं डॉक्टर म्हणाले. सासरी तिने अजून कुणाला सांगितलेलं नाही. झोक्यावर बायकांची ओळ कुठे संपते ते तिला समजतच नव्हतं. यापुढे आपण झोक्यावर बसणार नाही, असं म्हणून तिने कूस बदलली.

मी काही खुळी नाही. वहीतल्या अर्जाने कुणाचे कान जात नाहीत हे मला कळतं. तरी तो जांभळा शिक्का डोळ्यांसमोर आला आणि वाटलं, हे मी केलं. सांगितल्याशिवाय राहवेना. घरघरीत तिला माझं बोलणं ऐकू जाईना, म्हणून उठून कूलर बंद केला. आखाजीच्या दुपारी कूलर बंद करणं म्हणजे काय, ते जळगावकरालाच विचारा. घामाच्या धारांत, तिच्या डाव्या कानाशी तोंड नेऊन, मी जवळजवळ ओरडून माझा गुन्हा कबूल केला. नापास झाल्यापासून शिक्क्यापर्यंत सगळा. आणि रडले.

अक्का उठून बसली. मग तिने विचारलं, "मंग बठ्ठा आवाज तठे बरनीमा शेतस?"

मी मानेनेच हो म्हटलं, सगळे तिथेच आहेत.

"दादरा घट बांधेल शे ना?"

मी पुन्हा मानेनेच हो म्हटलं. इतका घट्ट, की माझ्याच्यानेही सुटणार नाही.

"मंग ऱ्हाऊ दे. तठे जपीसन ऱ्हाई," ती म्हणाली. "आते कूलर लाव, नहीतं मी मरी जासू."

संध्याकाळी मी तिला ओढून नेलं आणि तिच्या शेजारी झोक्यावर बसले. मला सूर कळत नाही, पण ओळ कुठे संपते तेवढं कळतं. बायकांची संपली की मी तिचा हात दाबायचे, आणि अक्का पुढची ओळ उचलायची. एकदाही चुकली नाही. शेवटी शेवटी मी रडण्याच्या भरात हात दाबायला विसरले, तर तिने मला कोपर मारलं आणि माझ्या बोटांकडे बघत थांबून राहिली.