साताऱ्याच्या माउलीला निरोप

म्हाताऱ्या फौजींच्या आठवणी मी कॅमेऱ्यात उतरवते. उगाच देशसेवा वगैरे म्हणणार नाही. नवरा गेल्यावर घर खायला उठायचं, म्हणून सुरू केलं. भंडाऱ्याहून एसटी, मोहाडीला उतरून पुढे ऑटो, आणि बरोबर कुत्रंही नाही.

मोहाडीजवळच्या एका गावात एक बाबा होते, एकाहत्तरच्या लढाईतले. पहिल्या दिवशी काही केल्या बोलेनात. दोन वाक्यं झाली की थांबायचे, माझ्या तोंडाकडे बघायचे. शेवटी चिडले.

"मूग गिळून काहून बसली व बाई? हुंकारी कोन देईल? मी का भिताडासंग बोलून राहिलो?"

आता घ्या! रेकॉर्डिंगमध्ये आपला आवाज येऊ द्यायचा नाही, हे मी शिकून आलेली. पण इकडे ऐकणाऱ्याने "हव" म्हटल्याशिवाय गोष्ट पुढे सरकत नाही. गेलं चुलीत ते शिक्षण, म्हटलं. मी "हव, हव" करत बसले आणि बाबा सुटले.

त्यांच्या तुकडीत नावाने हाक नव्हतीच, जिल्ह्यावरून मारायचे. हे "भंडारा", शेजारचा "सातारा". तो सातारा गोळी लागून यांच्या मांडीवर गेला.

"पानी मांगे. मी पाजलो, पोटभर पाजलो. त्याच्या मायले सांगा कोनीतरी, लेकरू तहानेनं नाही गेलं. एवढंच काम राहिलं माह्यं."

"त्याचं नाव काय होतं?"

"आमी का सोयरीक जुळवाले बसलो होतो?" म्हणाले.

मी ओळखीच्या सगळ्या फौजींना फोन केले. "सातारा? अहो बाई, सातारचे ढिगाने होते!" लोक हसायचे. घरी रेकॉर्डिंग लावलं की बाबांच्या आवाजामागून माझंच "हव, हव" ऐकू यायचं. माझ्या घरात दिवसभरात माझा आवाज तेवढाच. रडू फुटायचं, खोटं कशाला बोलू?

धानकापणीच्या सुमारास गेले तर बाबा खाटेला लागलेले. सून म्हणाली, "तुमचीच वाट पाहून राहिले." मला बघताच त्यांनी विचारलं, "लागला का पत्ता?"

"नाही, बाबा."

"लाव मग तुहा कॅमेरा."

लावला. या वेळी त्यांनी माझ्याकडे पाहिलंच नाही. सरळ कॅमेऱ्याकडे तोंड करून म्हणाले, "माय, मी भंडारा. तुह्या पोराले मी पानी पाजलो व."

माझ्याने राहवलं नाही. "बाबा, ती माउली आता कुठली असायला?"

त्यांनी हाताने मला गप्प केलं.

"गेली असन, तं लेकानंच सांगतलं असन तिले. पर जित्ती असन, तं एकटीच बसली असन ना व."