मालविकाताईंचं डांगडूत

मालविकाताई इंग्लंडमधल्या रीडिंग गावात एका शाळेच्या किचनमध्ये काम करतात आणि आवाज असा, की जेवणाच्या रांगेतली पोरं एका हाकेत सरळ होतात. गणपतीच्या कार्यक्रमात एकदा तरी एकटीनं गायचं, एवढीच त्यांची हौस. एकोणीस वर्षं आमच्या मंडळानं त्यांना कोरसच्या मागच्या रांगेत उभं केलं. "आवाज जाड आहे," हा अध्यक्ष रघुवीररावांचा शेरा. कार्यक्रमात फक्त मराठी, पारंपरिक आणि सोज्वळ, हाही नियम त्यांचाच.

यंदा ताईंनी डाव टाकला. किचनमधली त्यांची मैत्रीण रत्ना इंडोनेशियाची. भांडी घासताना तिच्या फोनवर सतत डांगडूत चालू. म्हणजे तिकडे लग्नाबिग्नात वाजणारं नाचरं गाणं, ताल अगदी आपल्या ढोलकीच्या घराण्यातला. याला जाड आवाजच लागतो, असं रत्नाचं मत. ताईंनी एक चाल उचलली, तिच्यावर सासूच्या तक्रारीचे मराठी शब्द बसवले आणि ऑडिशनला दणक्यात म्हणून दाखवलं.

"पारंपरिक आहे ना?" रघुवीररावांनी विचारलं.

"अहो, लग्नात वाजतं," ताई म्हणाल्या. खोटं एक अक्षर नाही.

"कोकणातलं दिसतंय. लहानपणी ऐकलंय मी." रघुवीररावांनी ऐकलेलं नाही असं जगात काही नसतंच.

कार्यक्रमात दुसऱ्या कडव्याला हॉल डोलायला लागला आणि रत्ना पाच पौंडांची नोट फडकावत, नाचत थेट स्टेजवर चढली. तिच्या देशात गाणारीला अशीच दाद देतात. हॉल मात्र गार पडला. दौलतजादा! तीही बाप्पासमोर! रघुवीरराव ताडकन उठले.

"बंद करा! तमाशा आहे का हा?"

ताईंची ओळ अर्ध्यावर तुटली. संपलं सगळं, असं मला वाटलं.

तेवढ्यात पहिल्या रांगेतून रघुवीररावांच्या ब्याऐंशी वर्षांच्या आई उठल्या. माहेर सांगलीकडचं, तमाशाच्या मुलखातलं. लेकाच्या खिशातून दहाची नोट काढून, काठी टेकत त्या स्टेजपाशी गेल्या. "गा गं पोरी. थांबू नकोस." मग काय, अख्खा हॉल उठला. गाणं तीनदा झालं आणि नोटा बाप्पाच्या दानपेटीत गेल्या.

नंतर आजींनी लेकाला गाठलं. "रघू, या बाईला इतकी वर्षं कोणी गाऊ दिलं नाही रे?"

रघुवीररावांनी माझ्याकडे बघितलं. गाणी निवडणारे आम्ही दोघंच. मी सेक्रेटरी, दर वर्षी त्यांच्या नकाराखाली निमूट सही करणारी.

"आम्ही," मी म्हणाले. कानशिलं तापेपर्यंत लाज वाटली. तिकडे ताई रत्नाच्या गळ्यात पडून रडत होत्या.