एकतिसाव्या मिनिटापासून

चूक माझी होती, आणि ती नकळत झालेली नव्हती. एक म्हातारा माणूस तासभर माझ्याशी बोलत राहिला आणि मी त्याचं बोलणं लिहून घेत नव्हतो. तरी मी लिहून घेतोय असं मी त्याला वाटू दिलं. हे आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढचं वाचताना कुणी माझ्याबद्दल बरं मत करून घेऊ नये.

हिंजवडीतल्या एका कंपनीसाठी मी फुटबॉलचे सामने नोंदवतो; त्या नोंदींवर परदेशात पैजा लागतात. टीव्हीवर दिसतात ते नव्हेत. बाल्कनमधल्या छोट्या देशांत गावोगावी क्लब असतात, त्यांच्या खालच्या श्रेणीच्या लीग असतात. तिथे कॅमेरा नसतो. मैदानाच्या कडेला एक माणूस फोन घेऊन उभा राहतो आणि जे घडेल ते सांगतो. कंपनीजवळच्या जांबे गावातल्या भाड्याच्या खोलीत मी कानाला हेडफोन लावून ते ऐकतो आणि बटणं दाबतो. ‘होम अटॅक.’ ‘अवे कॉर्नर.’ ‘सेफ.’ होम म्हणजे यजमान संघ, अवे म्हणजे पाहुणा, सेफ म्हणजे चेंडू धोक्याबाहेर. प्रत्येक वेळी मी ‘ओके’ म्हणायचं, की तो पुढे बोलणार. त्यांची दुपार म्हणजे आमची दिवेलागण.

तीन मोसम माझ्या वाट्याला बोस्नियातला एक डोंगरी क्लब होता. तिथून बोलणारा माणूस सत्तरीचा असावा. क्लबचा चिटणीस तोच, मैदानावर चुना टाकणारा तोच, आणि फोनवर बोलणाराही तोच. मी मनात त्याला काका म्हणायचो. त्याचं इंग्रजी माझ्याहून मोडकं, त्यामुळे आमचं छान जमायचं. मध्यंतराच्या पंधरा मिनिटांत आम्ही इकडचं तिकडचं बोलायचो. एकदा त्यानं विचारलं, “तुझ्याकडे डोंगर आहेत?”

“आहेत. खाली धरणाचं पाणी आहे. पाण्याखाली आमचं जुनं गाव आहे.”

“आमच्याकडेही,” तो म्हणाला. “तळ्याखाली जुनं मैदान आहे. गोलचे खांब काढायचे राहून गेले.”

आम्ही दोघं हसलो. दुसरा हाफ सुरू होईपर्यंत फोनमध्ये नुसता वारा वाजत होता.

त्या मैदानाचे आवाज मला पाठ झाले होते. चेंडूला बसलेल्या लाथेचा धप्प आवाज. गोलकीपरच्या शिव्या, ज्या न कळताही कळायच्या. एक कुत्रा. रेफरीची शिटी, जिच्यात मणी अडकायचा. मोसमागणिक हे आवाज कमी होत गेले. पोरं जर्मनीला, ऑस्ट्रियाला कामाला जात होती. सात खेळाडूंशिवाय सामना सुरूच होत नाही, आणि त्यांच्या लीगचा नियम असा, की तीनदा संघ उभा राहिला नाही की क्लब बाद. मागच्या हिवाळ्याच्या तोंडावर त्यांच्यावर अशी वेळ दोनदा आली होती.

नोव्हेंबरातल्या त्या रविवारी काकांचा आवाज नेहमीसारखाच होता. “सामना सुरू. होम अटॅक. सेफ.” मी बटणं दाबत होतो. दहा-बारा मिनिटांनी मला काहीतरी खटकायला लागलं. काय ते कळेना. आवाज वाढवला. पाऊस ऐकू येत होता. पत्र्यावरून पाणी गळत होतं. कुत्रा एकदा भुंकला आणि त्याला कुणी हाकललं नाही. चेंडूचा आवाज नव्हता. शिटी नव्हती. त्या सगळ्या ओल्या शांततेत एकच माणूस बोलत होता: “होम कॉर्नर. सहा नंबर मारतो. डोक्यानं. बाहेर.”

सहा नंबरचा खेळाडू दोन वर्षांपूर्वी म्युनिकला गेला होता. हे मला काकांनीच सांगितलं होतं.

तिसाव्या मिनिटाला मी विचारलं, “तिथे कोण कोण आहे?”

तो म्हणाला, “मी आहे. कुत्रा आहे.”

“आणि बाकीचे?”

“चार पोरं आली होती. पावसात परत गेली. समोरच्या संघाला ठाऊक आहे, रेफरीलाही ठाऊक आहे. एक-एक बरोबरी लिहायची ठरलंय. आज सामना झाला नाही तर क्लब संपला, मित्रा. वसंतात नऊ जण परत येणार आहेत. तू लिही. मी नीट सांगतो.”

मी ‘ओके’ म्हणालो.

आणि लाल बटण दाबलं. ते बटण म्हणजे सामना संशयास्पद आहे असं वर कळवणं. त्यानंतर नोंद थांबवायची, आपला माईक बंद करायचा, पण लाइन तोडायची नाही, कारण समोरच्याचं बोलणं पुरावा म्हणून रेकॉर्ड होत असतं. नियमच आहे तसा. मी नियमानं वागलो, असं मी पुढे कित्येक महिने स्वतःला सांगत होतो. खरं कारण वेगळं होतं. आदल्याच महिन्यात एका गफलतीबद्दल मला ताकीद मिळाली होती, आणि माझ्याहून वीस-बावीस वर्षांनी लहान असलेल्या साहेबाला मला काहीतरी करून दाखवायचं होतं. त्याचा लगेच निरोप आला: “सर, सुपर कॅच!” खाली टाळ्या वाजवणाऱ्या हातांचं चित्र होतं.

काका बोलतच होते. मी हेडफोन काढू शकलो असतो. काढला नाही. खिडकीबाहेर जांब्याचा रस्ता गाड्यांच्या दिव्यांनी भरला होता, आणि माझ्या कानात एक रिकामं मैदान भरत चाललं होतं. काका प्रत्येकाला त्याच्या जागी उभं करत होते. गेलेली पोरं पळत होती, पडत होती, उठत होती. चौऱ्याहत्तराव्या मिनिटाला तो म्हणाला, “गोल. होम गोल.” आणि त्यानं टाळ्या वाजवल्या. एकट्या माणसाच्या ओल्या हातांच्या टाळ्या.

मग मैदानाच्या पलीकडूनही टाळ्या आल्या. हळू, जरा उशिरा. डोंगरावरून परत आला असेल आवाज. साहेबानं रेकॉर्डिंग ऐकलं तेव्हा तोही तेच म्हणाला. पण ते त्यानं दोनदा ऐकलं, आणि तिसऱ्यांदा माझ्याकडे न बघताच बंद केलं.

क्लब बाद झाला. लीगच्या तक्त्यातून त्याची ओळ गेली. त्या मोसमातले त्यांचे सगळे सामने रद्द धरले गेले, खरोखर खेळलेलेसुद्धा. सप्टेंबरातल्या रणरणत्या उन्हात त्यांनी मारलेले तीन गोल मी स्वतः नोंदवले होते, तेही पुसले गेले. मला दुसरं मैदान मिळालं. तिथून एक तरुण पोरगी सफाईनं बोलते. तिच्यामागेही कधीकधी कुत्रा भुंकतो, आणि तेवढ्यापुरता माझा हात थांबतो.

चैत्रात गावच्या जत्रेला गेलो. आमचं आताचं गाव ताम्हिणी घाटाच्या अंगाला, धरणाच्या फुगवट्यावर. चाळीसेक घरं, त्यातल्या दहा-बाराच घरांत दिवा लागतो. माझं घर दहा वर्षं बंद आहे. जत्रेला दिवस बुडताना गुरव देवळाच्या पायरीवर उभा राहून घरोघरचा मान पुकारतो. माणसांच्या नावानं नव्हे, घराच्या ठिकाणावरून. ज्या घरचं कुणी ‘हाय’ म्हणेल त्या घराला नारळ.

मला पोचायला उशीर झाला. गाडी खाली लावून चढण चढत होतो. काळोख पडत आला होता. वरून हाक आली, “पिंपरणीखालचं घर!”

ते माझं घर, दारात पिंपरणीचं झाड असलेलं. मी तोंड उघडायच्या आत, माझ्या बंद घराच्या बाजूनं आवाज आला, “हाय!”

मी जागीच उभा राहिलो. पाण्यापलीकडच्या डोंगरावरून तोच शब्द पुन्हा आला, हळू, जरा उशिरा.

घराशी पोचलो, तर माझ्या ओट्यावर शेजारची वहिनी बसली होती. चार शेरडं बांधून, देवळातून आलेला नारळ पदरात घेऊन. तिच्या घरातही आता ती एकटीच असते.

“भावजी व्हय? या की. भूत बगितल्यावानी काय हुबं ऱ्हायलाय?”

“आत्ता कोण बोललं?”

“म्या. दुसरं कोन हाय हितं? शेरडं बोलत्यात व्हय?” ती हसली. “धा वर्सं म्याच म्हंतीया. तुमच्या घराचं, वरच्या दोन घरांचं, वड्याकडच्या तिघांचं. आज तुमी आलाय तर घ्या तुमचा नारळ.”

“आणि ‘हाय’ म्हटलंच नाही तर?”

“मंग गुरव म्होरल्या साली हाक मारत न्हाई. एकदा गळलं की गळलं. परत न्हाई घेत.”

“पण वैनी, घरात कुणी नसताना हाय म्हणायचं, खोटंच की ते.”

तिनं माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी काहीतरी अडाण्यासारखं बोललो.

“खोटं कशापायी? मानसं न्हाईत, ते समद्या गावाला दिसतंय. म्या मानसं हायेत म्हंती का? म्या म्हंती घर हाय. लई शिकला तुमी, येवडं कळंना?”

नारळ हातात घेऊन मी देवळामागे गेलो. तिथेच काय ती रेंज मिळते. लाल बटण दाबलं त्याच दिवशी काकांचा नंबर मी डायरीत लिहून ठेवला होता. का, ते मला तेव्हा कळलं नव्हतं. असा फोन करणं आमच्या नियमात बसत नाही.

तिसऱ्या रिंगला त्यानं उचलला. मागे वारा होता. कुत्राही होता.

“मी आहे,” मी इंग्रजीत म्हणालो. “इंडियातून. रविवारवाला.”

“मित्रा,” तो म्हणाला.

“त्या दिवशी तुम्ही सांगत होतात, पण मी लिहीत नव्हतो. एकतिसाव्या मिनिटाला मी बटण दाबलं. तुमचा क्लब माझ्यामुळे गेला.”

“ठाऊक आहे,” तो म्हणाला. “एकतिसाव्या मिनिटापासून तू ओके म्हणायचा थांबलास.”

“ठाऊक होतं, तरी तासभर बोलत राहिलात?”

“सामना नव्वद मिनिटांचा असतो. अर्ध्यावर कसं जायचं?” मग त्यानं विचारलं, “तू ऐकत होतास का?”

“शेवटपर्यंत. टाळ्यासुद्धा ऐकल्या.”

त्याचा श्वास ऐकू येत होता. खाली पाणी काळं पडलं होतं. ‘सॉरी’ हा शब्द माझ्या तोंडाशी आला. पण तो आम्ही एकेका सामन्यात वीस वेळा वापरायचो, कॉर्नर चुकला की सॉरी, लाइन तुटली की सॉरी. तो चालणार नव्हता. म्हणून मी माझ्या भाषेत बोललो. त्याला शब्द कळणार नव्हते, पण त्या गोलकीपरच्या शिव्या मलाही तशाच कळायच्या.

“काका,” मी म्हणालो, “माझं चुकलं. मला माफ करा.”